शुक्रवारचं तळण

नारिन गावच्या रेडिओ केंद्रात जुने आवाज सांभाळणारा एक लिनक्स संगणक होता, आणि त्या संगणकाला सांभाळायला बुरुल होती. मेंढपाळांच्या गप्पा, लग्नातली गाणी, शाळकरी पोरांचे कार्यक्रम असं सगळं फितींवरून डिस्कवर उतरवून झालं होतं. साठवणीचं सॉफ्टवेअर नवं होतं. ते नीट पळतंय का, डिस्क कुठे अडखळते का, यावर नजर ठेवणं हे तिचं काम. बुरुल भुताखेतांना मानणारी नव्हती. यंत्र रुसलं की कुठेतरी वायर सैल असते, एवढंच तिचं अध्यात्म.

शुक्रवारी दुपारी मात्र डिस्कच्या अंगात यायचं. एरवी आळसावून पडलेली आलेखाची रेघ एकदम वर चढायची. कुणी काही ऐकत नसे, नकला काढत नसे, तरी डिस्क घरघरत वाचत राहायची.

"जुम्म्याची सुट्टी तुझ्या डिस्कला मिळत नाही वाटतं, म्हणून चिडत असेल," साहेब तालांत-बायके हसून म्हणाले आणि जेवायला गेले.

बुरुलला हसू आलं नाही, कारण वेळ जुळत होती ती तळणाशी. भिंतीपलीकडे कँटीन होतं. तिथली सायरा-एजे, म्हणजे सायराताई, दर शुक्रवारी गेलेल्या माणसांसाठी बोरसोक, कणकेचे छोटे तुकडे, तळायची. नारिनमध्ये घरोघरी तळतात. मेलेल्यांना घास पोचत नाही, तळणाचा वास पोचतो, असं मानतात. कढई तापली की तो वास झरोक्यातून थेट संगणकाच्या पंख्यांत शिरायचा. शेगडीमुळे वीज खालीवर होत असेल म्हणून बुरुलने संगणक वेगळ्या लाइनवर टाकला. फरक पडला नाही. त्याच शेगडीवर सूप उकळलं, तेव्हा मात्र रेघ हललीसुद्धा नाही.

मग तिने प्रत्येक वाचन पडद्यावर दाखवणारं साधन चालू केलं. डावीकडे वाचणाऱ्या प्रोग्रामचं नाव येतं, उजवीकडे फाईलचं, म्हणजे ज्याचा आवाज त्याचं. डावी बाजू कोरी राहिली. उजवीकडे नावं सरकू लागली. सायरा-एजेचा ट्रकवाला नवरा, तालांत-बायकेंची आजी, केंद्राचा म्हातारा चौकीदार. सगळे मातीत गेलेले, आणि सगळ्यांची नावं सायरा-एजेने कढईपाशी दुआत घेतलेली.

तरीही ती दर शुक्रवारी बघत बसू लागली, ती तिलेकसाठी. तिचा धाकटा भाऊ रशियात बांधकामावर गेला होता आणि हिवाळा लागल्यापासून त्याचा फोन नव्हता. शाळेत असताना त्याने इथे गाणं म्हटलं होतं, ती फाईल याच डिस्कवर होती. नावं सरकत जायची, तिलेक त्यात नसायचा. नाव नाही म्हणजे माणूस आहे. तेवढ्या आधारावर तिचा आठवडा निघायचा. आई तर घरात कढईच चढवू देत नसे. "जिवंत माणसाच्या नावाने तेल तापवू नये," म्हणायची.

एका शुक्रवारी ती चहा घ्यायला कँटीनमध्ये गेली. सायरा-एजे तळहात उघडून नावं घेत होती. शेवटी म्हणाली, "आणि तिलेक." मग तिने तोंडावरून हात फिरवले.

"एजे! कुणाचं नाव घेतलंत?"

"रागावू नको गं पोरी. सगळा हिवाळा सरला. तुझी आई काही तळत नाही. लेकरू तिकडे उपाशी फिरत असलं तर?"

"तो जिवंत आहे!"

"असू दे की, तुझ्या तोंडात साखर पडो. वासाने काय बिघडतंय?"

बुरुल धावत खोलीत आली. तळणाचा वास तिच्या आधी पोचला होता.

डिस्क घरघरत होती. ट्रकवाला. आजी. चौकीदार.

तिलेक.

फाईल शेवटपर्यंत वाचली गेली. पुन्हा पहिल्यापासून सुरू झाली. बाकी नावं थांबली, हे थांबेना.

फाईल कुणी उघडलीय, तिने संगणकाला विचारलं. उत्तर आलं, कुणीही नाही.

फोन वाजला. आई होती.

"बुरुल, तिलेकचा फोन आला! अगं, आत्ता! खुद्द त्याचा!" आई रडत होती, हसत होती.

"काय म्हणाला, आपा?" तिने आईला विचारलं.

"खूप गारठा आहे म्हणाला. आणि गंमत बघ, म्हणतो कसा, आपा, तळणाचा वास आला, पोट भरलं. मी तर आज शेगडीही पेटवली नाही."

पडद्यावर तिलेकची फाईल अजून वाचली जात होती. "कुठून बोलत होता?"

"कुणास ठाऊक. मागे नुसती घरघर. पण आवाज मी लगेच ओळखला गं. शाळेत गाणं म्हणायचा ना, अजून आवाज फुटलाही नव्हता, अगदी तेव्हाचा."