कुंडावरचा पाहुणा

ते मोबाइल ठेवा बाजूला. प्रेमदासला मी चांगला ओळखतो. वनखात्यात मी बाबू, तो चौकीदार. तुमच्यासारखा थापा मारणारा गडी नव्हे तो.

सेलूकडच्या जंगलात गरम पाण्याचं एक कुंड आहे. नाव सांगत नाही, उद्याच सेल्फी काढायला पळाल. पाणी इतकं उकळतं की पुरचुंडीत बांधून सोडलेले तांदूळ शिजतात. म्हणून भोवती कठडा, फाटक आणि पाटी: सूर्यास्तानंतर प्रवेश बंद. आपली माणसं पाटी वाचतात आणि तिलाच टेकून फोटो काढतात. या गोष्टीच्या आदल्या हिवाळ्यात एकजण पुरचुंडी सोडायला कठडा ओलांडून गेला आणि शेवाळावरून पाण्यात घसरला. वाचला नाही.

तीस डिसेंबर २०२४. सोमवती अमावस्या. सव्वासहाला प्रेमदास फाटकाला साखळी घालायला गेला. रोजचंच काम. अंधार पडला होता. कठड्याच्या आत, वाफेत, कोणीतरी उभं दिसलं.

"बंद झालं जी! निंगा आता."

"येतो जी," आतून आवाज आला.

आपल्याकडे निरोप घेताना कोणी 'जातो' म्हणत नाही. प्रेमदासही सवयीने बोलून गेला, "येजो बाप्पा."

तो फाटक धरून थांबला. कोणी बाहेर येईना. वाफ जराशी हलली... आत कोणीच नव्हतं.

आपण कोणाला 'ये' म्हटलं? आणि कुठे?

बायको भावना माहेरी, वडनेरला गेलेली. घरी आठ वर्षांची काजल एकटी. त्याने गाडीला किक मारली. किती वेळ लागला, त्याला आठवत नाही.

दार सताड उघडं. दिवा चालू. काजल दारात उभी.

"बाबा, एक काका आलते. तुमीच ये म्हटलं म्हणे. मी बसा म्हटलं."

"कुठी हाये?"

"गेले. 'येतो' म्हणे."

"मंग तू काय म्हटलं?"

ती दाराची कडी खालीवर करू लागली.

"काजल..."

"येजा म्हटलं."

त्याच पावली पोरीला घेऊन तो नालवाडीला माझ्याकडे आला. परत त्या घरात राहायला गेला नाही. पोर ठीक आहे, शाळेत जाते. पण दारावर थाप पडली की अजून माझाच जीव उडतो.

दुसऱ्या दिवशी त्यांचं सामान आणायला मी गेलो. भर दुपारी. काजलने पाहुण्याला दिलेली प्लास्टिकची खुर्ची तशीच होती. बसायची जागा वितळून खाली लोंबली होती.