पाहायला येणारी माणसं

डोमाजी खिरटकरांच्या मांडीवरची पट्टी बदलणं हे माझं सकाळचं पहिलं काम असायचं. मुकुटबनच्या अलीकडे आमचं आरोग्य उपकेंद्र आहे, आणि तिथून त्यांचं घर हाकेच्या अंतरावर. गरम पाण्याचं पातेलं, कात्री, गॉज, आयोडीनची बाटली असा सगळा सरंजाम त्यांची बायको नलूताई ओसरीवर मांडून ठेवायची. मी बाजेपाशी उकिडवी बसायची. नर्सच्या नोकरीत अशा किती ओसऱ्यांवर उकिडवी बसले याला गणती नाही. आता गुडघे कुरकुरतात, आणि खरं सांगायचं तर मीही कुरकुरते.

मागच्या हिवाळ्यात डोमाजी कापूस वेचायला गेले असताना तुरीच्या ओळीतून निघालेल्या रानडुकरानं त्यांना उडवलं. सुळा मांडीत घुसला. आमच्या भागात हे नवं नाही. दर हंगामात असा एखादा येतोच, टाके पडतात, आणि थोड्याच दिवसांत तो लंगडत का होईना वावरात दिसतो. डोमाजींची जखम मात्र पुढचा कापूस फुटायला आला तरी ओलीच होती. साखर नाही, टीबी नाही, हाडाला काही नाही. यवतमाळला दवाखान्यात ठेवलं तेव्हा छान भरून आली होती. घरी आणल्यावर पुन्हा उघडली. डॉक्टरांनी गोळ्या बदलल्या, मी मलमं बदलली, फरक पडला नाही.

त्यांना पाहायला माणसं यायची. आमच्याकडची रीतच आहे ती. कुणाला लागलं, कुणी पडलं, की पाहायला जायचं. बिस्किटांचा पुडा न्यायचा, बाजेशेजारी टेकायचं आणि विचारायचं, "कसं झालं, भाऊ?" मग ज्याला लागलंय त्यानं सगळं सांगायचं, ऐकणाऱ्यानं हळहळायचं, चहा प्यायचा आणि उठायचं. इतरांच्या घरी ही वर्दळ चार दिवसांत आटते. डोमाजींकडे वर्ष होत आलं तरी आटली नव्हती, कारण ते सांगायचे फार छान. ऐकणाऱ्याच्या कपातला चहा निवून जायचा.

"वावर माणसाईनं भरलं होतं," ते म्हणायचे. "त्यानं बंद्याईले सोडलं अन् मलेच धरलं. काहून? मी कोनाचं काय केलतं?"

नलूताईला ऐकत बसायला वेळ नव्हता. वावर, बैल, पाणी, नवऱ्याचं उठणं-बसणं, सगळं तिच्याच अंगावर. तिनं कधी गाऱ्हाणं केल्याचं मी ऐकलं नाही. मुलगी मोनाली बाभुळगावला दिलेली, पहिलटकरीण. पहिलं बाळंतपण माहेरचं, हे सगळ्यांनाच ठाऊक असतं. पण ज्या घरात पू वाहतो तिथे सून पाठवणार नाही, असं मोनालीच्या सासूनं सांगून टाकलं होतं, आणि त्यात तिचं चुकलं असं मला म्हणता येत नव्हतं. मग आईनंच तिकडे जायचं, तर इकडे यांना न्हाणीपर्यंत कोण नेणार?

पातेलं उचलताना नलूताई रोज तेच विचारायची. "सिस्टर, पोरीचे दिवस भरत आले. सुकन का हे तवरिक?"

"सुकन ना," मी म्हणायची, आणि परतताना स्वतःवरच चिडायची.

मला पहिली शंका आली ती फोटोंमुळे. डॉक्टरांना दाखवायला मी जखमांचे फोटो मोबाईलवर काढून ठेवते. एका दुपारी उपकेंद्रात कुणी नव्हतं, पंखा बंद होता, म्हणून वेळ घालवायला मी डोमाजींचे फोटो ओळीनं पाहिले. पहिल्या फोटोत एकच जखम होती, मांडीच्या मागच्या बाजूला. अलीकडच्या फोटोत दोन होत्या, आणि त्या पुढच्या बाजूला होत्या.

जखम चिघळते, पसरते, खोल जाते. मांडीला वळसा घालून ती पुढे येत नाही. रोज थोडी थोडी सरकली असेल, म्हणून रोज पाहूनही माझ्या ध्यानात आलं नव्हतं. मी फोन उलटसुलट करून पाहिला, दुसऱ्या कुणाचे फोटो मिसळले असतील म्हणून तारखा तपासल्या. मग मला त्यांचं सांगणं आठवायला लागलं. सुरुवातीला ते सांगायचे की डुक्कर मागून आलं, धडक देऊन पळालं, मी तं पाह्यलंबी नाई. पोळ्याच्या सुमाराला ते डुक्कर अर्ध्यातून वळून परत यायला लागलं होतं. आणि हल्ली ते समोर येऊन उभं राहायचं, त्यांच्याकडे पाहायचं, मग दोन्ही सुळे खुपसायचं.

दुसऱ्या दिवशी मी पट्टी सोडली आणि तेवढ्यात मारेगावहून त्यांचे साडू रामराव आले. नवी पट्टी बांधायला मी उशीर केला. मुद्दामच केला.

"कसं झालतं म्हंता?" टेकता टेकता रामरावांनी विचारलं. त्यांनी हे सगळं आधीही ऐकलं होतं.

डोमाजी सावरून बसले. चेहऱ्यावर रंग आला. "त्यानं माह्याकडं पाह्यलं ना," त्यांनी सुरुवात केली, आणि मी नुकत्याच कोरड्या पुसलेल्या जखमेच्या कडा चकाकायला लागल्या. ते 'सुळा' म्हणाले तेव्हा ताज्या रक्ताचा थेंब वर आला. रामराव हळहळले. आणखी एक थेंब आला. मी गॉजचा बोळा दाबून धरला, तर बोळ्याखाली मांस हळूच बाजूला सरकत असल्याचं मला बोटांना कळलं.

हे मी कुणाला सांगणार होते? डॉक्टरांनी मला रजेवर पाठवलं असतं. मी नलूताईला मागच्या अंगणात नेलं.

"आता कोनी इचाराचं नाई," मी म्हणाले. "पाहाले येऊ दे, चहा पिऊ दे. कापसाचं बोला, पान्याचं बोला. डुकराचं नाव काढाचं नाई. तू नाई अन् मीबी नाई."

नलूताईनं कारण विचारलं नाही. तिनं पदरानं तोंड पुसलं आणि नुसती मान हलवली. मला वाटतं, तिला हे माझ्या आधीपासून ठाऊक होतं.

जुनी गोष्ट काढली की जंतू वाढतात असं नर्सबाईनं सांगितलंय, असं तिनं गावात पसरवलं. काय कळलं लोकांना देव जाणे, पण त्यांनी ऐकलं. माणसं आली, सोयाबीनचं बोलली, गेली. "त्या दिशी मी..." असं म्हणून डोमाजींनी सुरुवात केली की समोरचा बैलांना चारा घालायचं निमित्त काढून उठायचा. हळूहळू येणंच कमी झालं. जखम आधी कोरडी पडली, मग भरायला लागली. पट्टी सोडताना मला आनंद व्हायचा. खोटं कशाला बोलू, या नोकरीत तो मी जवळजवळ विसरले होते.

डोमाजींना आनंद झाला नाही. ते भिंतीकडे तोंड करून पडून राहायचे. भाकर तशीच ताटात असायची. एकदा पट्टी बांधताना म्हणाले, "सिस्टर, मले लागलतं, हे लोक इसरले का?"

"बरं व्हाचं हाय ना तुमाले?"

त्यांनी पुन्हा भिंतीकडे तोंड केलं.

जखम मिटली, पण मोनालीला इकडे आणण्याइतके दिवस आता उरले नव्हते, म्हणून नलूताईच बाभुळगावला निघाली. हिरवं पातळ, पिशवीत डिंकाचे लाडू आणि जुन्या लुगड्यांची शिवलेली दुपटी. शेजारच्या धनीबाईनं डोमाजींना जेवण द्यायचं आणि मी सकाळी डोकावायचं, असं ठरलं होतं. एसटीत चढताना तिनं माझा हात धरला. "तुमच्या भरोशावर जाऊन राह्यली, सिस्टर." वर्षभरात पहिल्यांदाच मी तिला हसताना पाहत होते. बस गेली तरी मी स्टॉपवर उभीच होते. मला भरून आलं होतं.

दुसऱ्या सकाळी गेले तर डोमाजी लुंगी वर करून आपली मांडी पाहत बसले होते. मीही पाहिली. व्रण नव्हता. टाक्यांच्या खुणा नव्हत्या. मी बोट फिरवलं. कातडी साफ होती, दुसऱ्या मांडीसारखीच, केसांसकट.

"सिस्टर," डोमाजी म्हणाले, "मले काय झालतं?"

मला वाटलं, थट्टा करताहेत. पण त्यांच्या डोळ्यांत थट्टा नव्हती.

"मले काहीतरी झालतं. लय मोठं झालतं. लोक येत होते, बसत होते. तुमाले माहीत हाय. सांगा."

सांगावं असं मला फार वाटलं. समोरचा चेहरा अगदी रिकामा होता आणि मला त्यांची कीव येत होती. पण सांगितलं तर काय होईल हे मी डोळ्यांनी पाहिलं होतं. तिकडे बाभुळगावात एक बाई लेकीच्या उशाशी आत्ता कुठे बसली होती.

"काहीच झालं नाई तुमाले, डोमाजीभाऊ," मी म्हणाले.

ते माझ्याकडे पाहत राहिले. मग त्या चेहऱ्यावर हळूहळू काहीतरी परत यायला लागलं.

"तुमी सांगत नाई," ते म्हणाले. "मुद्दाम सांगत नाई मले."

त्यानंतरच्या दिवशी माझं दुसऱ्या गावात लसीकरण होतं, म्हणून जाता आलं नाही. पुढच्या सकाळी गेले, तर त्यांच्या ओसरीखाली चपलाच चपला होत्या. बिस्किटांचे पुडे होते. धनीबाई चहा देत होती. डोमाजी भिंतीला टेकून बसले होते आणि त्यांच्या चेहऱ्यावर रंग होता.

"घरात कोनी नवतं," ते सांगत होते. "बायकोले हिनंच धाडून देल्लं. मंग आली. मी म्हनलं, सिस्टर, मले सांगा. तं हिनं मलेच..."

मला पाहून धनीबाई चहा देता देता थांबली. मग सगळ्यांनीच माझ्याकडे पाहिलं.

"काय बोलून राह्यले तुमी, डोमाजीभाऊ?"

"पाहा," ते लोकांना म्हणाले. त्यांचा आवाज थरथरत होता, आणि मी इतकी वर्षं माणसं पाहिली आहेत, तो थरथराट भीतीचा नव्हता.

मी आले तेव्हा त्यांचा डावा गाल साफ होता. हे मी कुठेही शपथेवर सांगेन.

"हात उगारला," ते म्हणाले.

गाल तांबूस झाला.

"हानला."

एक बोट उमटलं. मग त्याच्याशेजारी दुसरं.

"अरारारा," कुणीतरी म्हणालं.

तिसरं उमटलं.

माझा मोबाईल वाजला. नलूताई होती. मागे दवाखान्यातला गलका ऐकू येत होता.

"धनीबाईचा फोन आलता, सिस्टर. मी निघून राह्यली."

"मोनाली कशी हाय?"

"आताच आत नेली तिले." तिच्या आवाजात रडू नव्हतं, रागही नव्हता. "तुमी कायले हात लावला त्याईले?"

नाही लावला, एवढंच म्हणायचं होतं. पण वर्षभर त्यांच्या दारात बसून शेवटी हे माझ्याच वाट्याला का यावं, सगळं गाव सोडून मीच का, हे आधी तोंडाशी आलं.

"बसची येळ झाली," नलूताई म्हणाली. "ठेवते."

फोन खाली घेतला तो हातातून निसटून पायरीवर पडला. तळहात चुरचुरत होता. मी तो उलटा करून पाहिला. तो लालबुंद झाला होता, आणि चांगलाच गरम होता.