पोथीला सांगितलेलं

चारुशीलाबाई उमरठला गेल्या त्या फक्त एक पोथी वाचायला. महाडच्या शाळेतून निवृत्त झाल्यावर त्यांनी मोडी लिपीचा नाद लावून घेतला होता. कुणाकडे जुना कागद निघाला की लोक त्यांच्याकडे येत. या वेळी त्यांचा एके काळचा विद्यार्थी सदू आला होता. त्याच्या मोटारसायकलवर मागे बसून जाताना त्यांना सगळी हकिगत कळली.

सदूचे वडील रामा वारले, तेव्हापासून त्याच्या आईला, ठमाबाईला, एकच धास्ती बसली होती. आपण त्यांना विसरणार. घरात पिढ्यान्‌पिढ्या एक पोथी होती. तिला सांगितलेलं कधी जात नाही, असं जुनी माणसं म्हणत. ठमाबाई रोज पोथीपुढे बसून नवऱ्याच्या आठवणी सांगू लागली.

"आन् आता बाबांचं नाव काढलं तर इचारते, कोन रामा?" सदू म्हणाला. "परवा मलाच म्हनाली, कोनाचा रे तू?"

"डॉक्टरांना दाखवलंस?"

"मुंबईला नेलं बाई. डोक्यात काय दोष नाय म्हनतात."

पोचले तेव्हा दुपारच होती, पण धुकं अंगणात उतरलं होतं. पागोळ्या गळत होत्या. पडवीत ठमाबाई भिंतीला टेकून, कोऱ्या नजरेने बसली होती. सदूने पोथी आणून दिली आणि तो चहा करायला आत गेला.

बाईंनी फडकं सोडलं. जुन्या कागदाचा कुबट वास येईल असं त्यांना वाटलं होतं. आला तो तान्ह्या मुलाच्या टाळूवरच्या तेलाचा. पहिल्या पानावर लिहिलं होतं, 'काळाने जिला शिवू नये, ती घटका येथे बोलावी. ती येथे राहील. बोलणाऱ्यापाशी राहणार नाही.'

पुढची पानं ठमाबाईचीच होती. तिला लिहिता येत नव्हतं, तरी तिचे शब्द तिथे होते, शाई ओली असल्यासारखे. रामा बघायला आला तेव्हा त्याच्या पायजम्याला लागलेला चिखल. सदू जन्मला त्या दिवशीचा पाऊस.

बाईंनी पान उलटलं आणि त्यांचा हात थबकला. कोऱ्या कागदावर एकेक अक्षर उमटत होतं. 'चारू आणि शुभदा सावित्री नदीच्या डोहात...' शुभदा त्यांची धाकटी बहीण, कधीचीच वारलेली. आठवण त्यांनी ओठांवरही आणली नव्हती. पण अक्षर उमटेल तसा मनातला शुभदाचा चेहरा पुसट होत चालला.

त्यांनी पानावर तळवा दाबला. "हे माझं आहे."

अक्षरं थांबली. मग अगदी जवळून आवाज आला. त्यांचाच, पण थकलेला.

"म्हातारपण आलंय... विसरशील... माझ्यापाशी ठेव..."

बाईंनी हात काढला नाही. बोललेलं पोथीत जात असेल, तर ज्याचं त्याला वाचून दाखवलं की ते परत जायला हवं, असा विचार त्यांनी केला आणि ठमाबाईकडे वळून त्या मोठ्याने वाचू लागल्या.

तशा पागोळ्या हवेतच थांबल्या. दारात सदू हातात कप घेऊन, एक पाय उचललेला, तसाच उभा राहिला. बाहेर कोंबड्याची बांग अर्ध्यावर तुटली. हलत होते ते फक्त बाईंचे ओठ आणि ठमाबाईचे डोळे. वाचलेली ओळ कागदावरून नाहीशी होई. पानं मात्र सरत नव्हती. घसा सोलवटला, पाठ मोडून आली.

"थांब... तुझंही सगळं जाईल... विसरशील..."

"विसरेन," बाई म्हणाल्या. "माझी मी विसरेन. तुला एक अक्षर देणार नाही."

शुभदाची अर्धी राहिलेली शेवटची ओळही संपली आणि पागोळ्या खाली पडल्या. सदूने पाय टेकला. त्याच्या हातातला चहा अजून वाफाळत होता. बाईंच्या बोटांची नखं मात्र वाढून वळली होती.

"सदू," ठमाबाई म्हणाली, "तुजा बाबा छत्री न घेता गेला रे..." मग तो कुठे गेला ते तिला आठवलं, आणि इतक्या महिन्यांचं रडू तिने पोराला कवटाळून मोकळं केलं.

बाईंनी पोथी चुलीत घातली. ती जळून पूर्ण राख होईपर्यंत त्या तिथून हलल्या नाहीत.

संध्याकाळी महाडला घरी येऊन त्या नखं कापत बसल्या होत्या. सदूचा फोन आला.

"बाई... तुमी घरी पोचलात न्हवं?"

"तूच तर सोडून गेलास."

"मंग पडवीत कोन बसलंय? तुमचीच साडी हाय. आये म्हनते, बाईंना च्या दे..." तो कुजबुजू लागला. "वाचतेय, बाई. हातात काय नाय, तरी वाचतेय."

"काय वाचतेय?"

"माजंच... पन उद्याचं."

फोनमधून पान उलटल्याचा आवाज स्पष्ट आला. पोथी जळली, पण तिने घेतलेला आपला आवाज उरला, हे बाईंना उमगलं. त्यांनी कात्री खाली ठेवली.

"घाबरू नकोस," त्या म्हणाल्या. "फोन तिच्या कानाला लाव. मला बोलायचंय तिच्याशी."