प्रतिष्ठा ताठ ठेवा

त्या सकाळी माझी मान डावीकडे वळली ती तशीच अडकून बसली. झोपेत उशी सरकली असावी. कामाला तर जायलाच हवं होतं, म्हणून तशीच ऑफिसात येऊन खिडकीकडे तोंड करून बसले... आणि नेमका उजवीकडून आवाज आला.

"लेख तपासणाऱ्या बाई तुम्हीच का?"

"हो, बोला."

"जरा इकडे बघता का?"

"नाही."

"...का?"

"जमत नाही."

"वा! म्हणजे चोरी करायची आणि तोंडही दाखवायचं नाही!"

आवाज चिडलेला होता, पण छान होता.

आमचा धंदा तसा चारचौघांत सांगण्यासारखा नव्हताच. आरोग्याचे सल्ले देणारी वेबसाइट. साहेब इकडून तिकडून लेख उचलायचे आणि कम्प्युटरच्या एका प्रोग्रॅममध्ये टाकायचे. तो प्रोग्रॅम एकेक शब्द उपटून त्याच्या जागी त्याच अर्थाचा दुसरा बसवायचा. 'पाणी' गेलं की 'जल' हजर, 'डोळे' गेले की 'नेत्र'. झाला लेख नवा! मग त्यावरून नजर फिरवायची मी. पण त्या आठवड्यात लेखांचा नुसता पूर आला होता, एखादा निसटला असणार...

"मी समोरच्या गल्लीतला फिजिओथेरपिस्ट," आवाज म्हणाला. "मी लिहिलं होतं, 'मान ताठ ठेवा. पाठ सरळ करा. मग हळूच मान वर करा.' आता तुमच्याकडचं ऐका." कागद फडफडला. "'प्रतिष्ठा ताठ ठेवा. धडा सरळ करा. मग हळूच प्रतिष्ठा नवरदेव करा.'"

मी ओठ चावला.

"माझ्या एक पेशंट आहेत, रिटायर्ड मुख्याध्यापिका. त्यांचा फोन आला, डॉक्टर, बाकी सगळं जमलं, पण या वयात नवरदेव कुठून आणू?"

मी फस्सकन हसले. त्या हसण्यानं मानेतून अशी कळ गेली, की हसण्याचं किंकाळीत कधी रूपांतर झालं ते कळलंच नाही.

"हलू नका!" आवाज एकदम बदलला. "मान धरलीय? आधी सांगायचं ना! हात लावू का?"

"लावा... पण लवकर."

खुर्चीमागून दोन ऊबदार हात मानेवर आले. अंगठ्यानं कुठंतरी हलकंच दाबलं. "श्वास सोडा." सोडला. मान हळूहळू वळायला लागली. खिडकी गेली, कपाट गेलं, आणि तो दिसला! विस्कटलेले केस, नाकावर घसरलेला चष्मा, आणि आपल्याला रागवायचंय हे आठवून मुद्दाम घातलेल्या आठ्या.

"हं, रागवा आता," मी म्हणाले.

"आता जमत नाही," तो म्हणाला.

तो लेख मी त्याच्यासमोरच काढून टाकला. वर म्हणाले, "तुम्ही तोंडी सांगा, मी पहिल्यापासून नीट लिहिते. तुमच्या नावानं." तेव्हापासून ऑफिस सुटलं की माझी पावलं त्याच्या दवाखान्याकडे वळू लागली. बाहेर टेबलाशी त्याची आत्या पेशंटांना नंबर द्यायची. मला मात्र नंबर लागत नसे.

"आज थकलेले दिसता," एकदा मी म्हणाले. "दमलेले. शिणलेले."

"एक काय ते ठरवा."

"एकच की सगळं."

"मुळीच नाही. जिना चढून माणूस दमतो. स्क्रीनकडे बघून बघून डोळे शिणतात. आणि थकणं म्हणजे... आत्याकडे बघा."

"मी थकलेली नाहीये!" पडद्यापलीकडून आत्या.

"मग यातले तुम्ही कोण?" मी हसू दाबत विचारलं.

"मी ना? तुम्ही येईपर्यंत तिन्ही असतो." आणि तो घाईघाईनं चष्मा पुसायला लागला. चष्मा स्वच्छच होता...

मग एके दिवशी मी रजेवर असताना साहेबांनी डाव साधला. डॉक्टरचे आधीच उचलून ठेवलेले बाकीचे सगळे लेख प्रोग्रॅममधून काढले आणि वेबसाइटवर टाकून मोकळे झाले. दुसऱ्या संध्याकाळी त्यानं मोबाइल माझ्यापुढे धरला.

"'खांदे सैल सोडा'चं 'स्कंध शिथिल त्यागा' झालंय. त्याचं काही नाही," तो सावकाश म्हणाला. "खाली लेखिका म्हणून तुमचं नाव आहे."

"अहो, ते मी..."

"पेशंट थांबलेत."

ओरडला असता तर बरं वाटलं असतं. मी तशीच उलट्या पावली ऑफिसचा जिना चढले.

"साहेब, हे आत्ताच्या आत्ता काढायचं."

"अगं, शब्द तर सगळे बदललेत!"

"पण माणूस तोच आहे ना! आणि नाव माझं लावलंत!"

"काढलंस, तर उद्यापासून येऊ नकोस."

मी काढले. सगळे. मग माझा चहाचा कप पर्समध्ये टाकला आणि निघाले. जिना उतरले. घरी आईला काय सांगू? पण पायांना जिथं जायचं होतं तिथंच ते गेले. मी सरळ पडदा सारून आत.

"काढले सगळे लेख. नोकरीसकट."

तो उठून उभा राहिला. "नोकरी? ती कशाला?"

"कारण मला तुमच्याविषयी... आदर आहे."

"आदर."

"म्हणजे आपुलकी. जिव्हाळा म्हणा हवं तर. नाही, ओढ... लळा..."

"लळा मांजराला लागतो," तो हळूच म्हणाला. डोळे हसायला लागले होते.

"मग मदत करा ना जरा! एकही शब्द बसत नाहीये!"

"अहो बाई," बाहेरून आत्या ओरडली, "इथं माणसं कंबर धरून बसलीयत! काय ते एका शब्दात सांगून टाका!"

मी तोंड उघडलं. मिटलं. पुन्हा उघडलं...

"हो," तोच म्हणाला.

"पण... मी अजून काही विचारलंच नाही."

"विचारणार होतीस ना?"

होतीस! इतक्या दिवसांचं अहो-जाहो एका दमात गळून पडलं. माझे कान तापले. त्यानं हात पुढे केला होता. मी तो धरला.

"होते," मी म्हणाले.

पडद्याबाहेर खुर्ची सरकल्याचा आवाज झाला. आत्या कुणाला तरी सांगत होती, "टेका जरा. आज डॉक्टरांना वेळ लागणार आहे."