अंजिराच्या पोकळीत

जवळ सरकून बसा, मला मोठ्यानं बोलवत नाही. ही गोष्ट माझ्या धाकट्या मेव्हण्याची. वायरमन आहे तो, पण आता वर चढत नाही.

सतरा नोव्हेंबर, मंगळवार. रात्रीचे पावणेअकरा. जंगलाच्या रस्त्यावर एक फांदी तारेवर पडली आणि गावाची लाइट गेली. दवाखान्यात त्याची थोरली लेक अडलेली. डॉक्टरीणबाई म्हणाल्या, "लाइट आली तरच ऑपरेशन होईल." तो जोडीदाराला घेऊन निघाला.

वाटेत डीपीतला, म्हणजे ट्रान्सफॉर्मरजवळच्या पेटीतला, फ्यूज काढून त्यानं खिशात घातला. वायरमनची रीतच ती. आपण वर असताना कुणी लाइट सोडू नये.

फांदी जंगली अंजिराची होती. हे झाड दुसऱ्या झाडावर रुजतं, मुळांनी त्याला कवटाळतं. आतलं झाड मरून कुजून जातं, मुळांची पोकळ जाळी तेवढी उभी राहते. वायरमन लोक त्या पोकळीतूनच वर चढायचे, शिडीसारखे.

"पोट सुटलंय दादा, आत अडकाल," जोडीदार म्हणाला.

"तू बॅटरी नीट धर. आजोबा होतोय मी आज."

फांदी कापून तो पोकळीतून खाली उतरला. ज्या फटीतून आत शिरला, ती सापडेना. हात फिरवला... मूळ. पलीकडे... मूळ. जाळीतून बॅटरीचा उजेड दिसत होता. हाक मारली. जोडीदार दोन हातांच्या अंतरावर उभा होता, वर बघत. त्याला ऐकूच गेलं नाही.

मग पाठीमागे कुणीतरी श्वास घेतला. सावकाश. दमलेल्या म्हाताऱ्यासारखा.

पाठीमागे जागाच नव्हती.

फ्यूज खिशात. लेक तिकडे.

"पोर अडलीय माझी," तो हळूच म्हणाला. "जाऊ द्या मला."

...

कमरेचा कातडी पट्टा कुणीतरी धरला. ओढला नाही. नुसता धरला.

त्यानं चाचपडत बक्कल सोडलं. पट्टा आतच राहिला... आणि तो बाहेर, चिखलात.

साडेबाराला लाइट आली. नात झाली. मायलेकी सुखरूप.

सकाळी जोडीदार पट्टा आणायला गेला. फट होती तिथेच होती. पट्टाही होता. मांडीएवढ्या जाड मुळाच्या आत गेलेला. एवढं मूळ वाढायला माणसाचं आयुष्य जातं.

बक्कल तेवढं बाहेर दिसत होतं.

लावलेलं.