पाताळराणीचं गाणं आणि अर्धा विडा

हिरालाल पुजारी सकाळीच दारात येऊन बसला, तेव्हा त्याचा फेटा सुटून गळ्यात आला होता आणि सदरा पाठीवर उभा फाटला होता.

"हौसाबाई, वाचवा मले. गाव म्हणते, म्या चतुराबाईले शेंदूर चारला!"

जानरावाने चहाची पितळी खाली ठेवली. शेंदूर पोटात गेला की गळा कायमचा बसतो, हे त्या काळी शेंबडं पोरही सांगायचं.

"मायसारखी हाय ते मले," हिरालाल रडकुंडीला आला. "देवळातून येता येता तिचा पानाचा इडासुद्धा म्या कुटून देतो. अन् मी तिचा गळा घेईन?"

"भाऊजी, दमणीले बैल जुंपा," हौसाबाई म्हणाली.

हौसाबाई जमादाराची विधवा. नवरा होता तेव्हा चोर पकडायचा तो आणि ओळखायची ती. तो गेल्यावर लोक आपली गाऱ्हाणी घेऊन थेट तिच्याकडेच येऊ लागले. जानराव तिचा दीर. वहिनीच्या डोक्यात काय चाललंय हे त्याला नेहमी सगळ्यात शेवटी कळायचं, पण साथ त्याने कधी सोडली नाही.

हिरालालचं झरेगाव मानोऱ्याच्या वाटेवर. गावच्या झऱ्याखाली पाताळराणीचं राज्य आहे, असं तिथलं गाणं सांगायचं. त्या राज्यात ज्वारी निळी पिकते, मासे पाखरांसारखे उडतात. राणीला वरच्या जगाची सय येते, आणि तिच्या डोळ्यातलं पाणी म्हणजे हा झरा. वर्षातून एकदा गाणं पुरं गायलं की पाणी वर्षभर वाहतं. बाकीचं गाणं सगळ्या बायकांना यायचं, पण शेवटची ओवी एकाच बाईच्या गळ्यात राहायची. सध्या ती चतुराबाईच्या गळ्यात होती.

आणि शेवटच्या ओवीतच राणीची आण होती, की माझ्या पाण्याला कुणी भिंत घालू नये.

जगदेव पाटलाला नेमकी भिंतच घालायची होती. झऱ्याचं पाणी त्याला आपल्या संत्र्याच्या बागेत वळवायचं होतं. खाली माळ्यांच्या वांग्या-मिरच्यांचे वाफे होते, ते मेले तरी त्याला फिकीर नव्हती. "गाणं पुरं झालं तर भिंत नाही. मोडलं तर दुसऱ्याच दिवशी घालतो," असं तो पंचांपुढे बोलून बसला होता. गाणं आजच होतं, तिसऱ्या प्रहरी. आणि चतुराबाईचा आवाज कालपासून बंद होता.

दमणी पोचली तेव्हा चतुराबाई घरात घोंगडीवर पडली होती. परका पुरुष आलेला पाहताच तिने पदर हनुवटीपर्यंत ओढला.

"काल पळसाच्या पानात इडा ओट्यावर कोणी ठेवून गेलं," सून सोजरबाई म्हणाली. "वाटलं, देवळातला परसाद. सासूबाईनं तोंडात टाकला, अन् गळा गेला."

उरलेला अर्धा विडा तिने पुढे केला. कडेला दातांची चंद्रकोर स्वच्छ उमटली होती आणि आत कोरडा शेंदूर दिसत होता.

"शेवटची ओवी तुले शिकवली होती का वं?" हौसाबाईने विचारलं.

"नाई. मागितली होती. म्हणे, अजून तू कच्ची हायेस."

सोजरबाईचा आवाज जरा कडवट झाला. ते जानरावाने मनात टिपून ठेवलं. वळताना त्याचा पाय उशाशी ठेवलेल्या इवल्या लोखंडी खलबत्त्याला अडखळला. खल घरंगळत गेला. आत काताचा लाल डाग होता.

"भाऊजी, तुमी बाहेर बसा. घरातली भांडी तरी वाचतील."

ती बाहेर आली तेव्हा जानराव कुजबुजला, "वहिनी, सूनच. ओवी देली नाई म्हून राग."

"पाहू," म्हणत हौसाबाई झऱ्याकडे निघाली.

भिंतीचे दगड तिथे येऊन पडलेच होते. पाटील त्यांच्यावर बसून मिशीला पीळ देत होता.

"मले कायले विचारता? मी चतुराबाईचा भासरा. तिचा नवरा माहा धाकटा चुलतभाऊ. लगन होऊन आली तवापासून पदराआडचं तिचं तोंड म्या पाह्यलं नाई. असा मी मर्यादेचा माणूस, अन् मी इष चारीन?"

"खरं हाय. भासऱ्यासमोर तोंड कोण उघडते?" हौसाबाई म्हणाली.

तिसऱ्या प्रहरी सगळं गाव झऱ्यावर जमलं. सोजरबाईने सासूला हाताला धरून आणलं होतं. हिरालाल जानरावाच्या मागे लपला होता.

"पाटील," हौसाबाई म्हणाली, "गाणं पुरं झालं तर काय करसाल, हे एकडाव पंचांपुढं बोला."

"हे दगड माह्या डोक्यावर वाहून नेईन!" पाटील खो खो हसला. "मुकी बाई गाणं म्हणते का?"

"झालं. आता ऐका. इडा हिरालालनं ठेवला नाई. सोजरनंही ठेवला नाई. हिरालाल रोज तिले इडा कुटून देते, सोजर तर घरातलीच. दोघांपैकी कोणी शेंदूर घातला असता, तर कुटलेल्या इड्यात घातला असता. हा इडा अख्खा होता."

"मंग?" पाटलाने विचारलं.

"मंग हा इडा अशानं धाडला, ज्याले तो कुटावा लागते हेच ठाऊक नाई. चतुराबाईच्या तोंडात एक दात नाई, पाटील! साऱ्या गावाले माहीत हाय. तिचं तोंड न पाह्यलेला माणूस गावात एकच, अन् तो आपल्याच तोंडानं मले तसं सांगून बसला."

पाटलाची मिशीवरची बोटं थांबली.

जानराव गोंधळला. "पण वहिनी, दात नाईत तर इडा चावला कोणं?"

"म्या," सोजरबाई पुढे झाली. "कुटायले उघडला त शेंदूर दिसला. सासूबाईच्या सांगण्यावरून चावला अन् थुंकून देला. गळा शाबूत हाय असं कळलं असतं, त पाटलानं दुसरं काही धाडलं असतं."

तेवढ्यात चतुराबाईने डोक्यावरचा पदर खांद्यावर टाकला. पांढरे केस उन्हात उघडे पडले. उभ्या जन्मात पहिल्यांदा तिने भासऱ्याच्या डोळ्यांत डोळे घातले आणि बोळकं आ करून दाखवलं.

"पाहून घ्या, भासरे! एकही नाई!"

हशा उसळला. तिने हात उचलून तो थांबवला आणि गाऊ लागली. आवाज थरथरत होता, पण तुटला नाही. निळी ज्वारी आली, उडते मासे आले आणि शेवटची ओवी आली.

"माझ्या गं पाण्याला नको भिंतीचं कुंपण,
तहानेल्या ओंजळीला राणी धरिते दर्पण."

"म्हणा!" ती बायकांवर ओरडली. "एका गळ्यात ठेवायची रीत आजपासून मोडली. म्हण वं सोजर!"

सोजरबाईने ओवी धरली, तिच्यामागून माळणींनी, पोरीसोरींनी. तीच ओवी पुन्हा, आणि पुन्हा.

चतुराबाई पाटलाकडे वळली. "आता किती गळ्यांत शेंदूर घालसाल?"

पाटील दगडांकडे वळला. कुणीतरी चुंबळ आणून त्याच्यापुढे टाकली.

"हिऱ्या," म्हातारीने हाक दिली, "मार तू खाल्ला बापा. तुले सांगितलं असतं, त तुह्या तोंडावरून साऱ्यांले कळलं असतं. माफ कर मायले."

हिरालालने डोळे पुसले. "माफ केलं. पण सदरा शिवून द्या."

परतताना जानरावाने दमणी गावाबाहेर काढली. मग म्हणाला, "वहिनी, तुमाले तिचा गळा शाबूत हाय हे मले बाहेर काढलं तवाच कळलं होतं?"

"तुमी गेले, अन् म्हातारी म्हणाली, 'तुहा दीर कुठं पाहून चालते वं?'"