मोकळी ओळ

भावोजींना त्या फिल्ममधून एकच गोष्ट हवी होती... नाव. तेही पदराला तोशीस न लागता. झीज लागायचीच असेल तर ती दुसऱ्याला लागावी, असा माणूस.

गोष्ट खरी आहे. ज्या घरात घडली, तिथे मी आजही जातो. भरदुपारी घडली, त्यामुळे अंधारात भास झाला म्हणायचीही सोय नाही.

भावोजी म्हणजे माझ्या ताईचे यजमान. देशोदेशी हिंडून जुनी गाणी चित्रित करतात. त्या खेपेला डोंगरातल्या एका गावात त्यांना एक म्हातारी भेटली. तिथलं गाणं दोघींनी म्हणायचं असतं. एक ओळ एकीची, पुढची दुसरीची. जोडीदारीण वारली, तर तिची ओळ मोकळी सोडायची.

म्हातारीची बहीण वारली होती. ती एक ओळ म्हणायची... थांबायची... मान डोलवायची आणि पुढे जायची.

घरी मागच्या खोलीत भावोजी एडिटिंगला बसले. मोकळ्या जागा सटासट कापल्या.

"अहो, तिच्या बहिणीची जागा आहे ती," ताई म्हणाली.

"एवढ्या शांततेत लोक घोरायला लागतील! आणि बहीण काय कोर्टात जाणार आहे?"

ताई हसली. निवेदन तिच्याच आवाजात व्हायचं होतं. ती माइकसमोर बसली. वाचू लागली...

आणि आवाज गेला.

ओठ हलत होते.

मग पुढचं वाक्य, स्वच्छ.

"मध्येच का थांबलीस?"

"मी? कुठे थांबले?"

माइक बदलला. वायर बदलली. पण जेवतानाही तेच. "आमटीत मीठ..." नुसते ओठ. "...झालं का हो?"

डॉक्टर म्हणाले, घसा ठणठणीत आहे.

ताईच्या बोलण्यातल्या मोकळ्या जागा वाढतच गेल्या. शेवटी भावोजींनी कापलेलं सगळं परत जोडलं. हेडफोन लावला.

म्हातारीची ओळ आली.

मग मोकळी जागा...

ती मोकळी नव्हती.

कुणीतरी गात होतं. त्या परक्या भाषेत, शब्द न् शब्द स्पष्ट.

आवाज ताईचा होता.

भावोजी स्वयंपाकघरात धावले. ताई ओट्यापाशी उभी होती. ओठ मिटलेले. त्या दुपारपासून ती एक अक्षर बोललेली नाही.

"निदान ही फिल्म स्पर्धेला पाठवू नका, नाहीतर तिचा आवाज तरी कापा," मी म्हणालो.

"आता कापलं तर तिचा आहे तेवढाही आवाज जाईल रे," भावोजी म्हणाले. भीती खरी होती. सोयीचीही होती.

फिल्म गाजली. परीक्षकांनी दुसऱ्या गायिकेचं खास कौतुक केलं.

भावोजींना नाव मिळालं. म्हातारीला जोडीदारीण मिळाली. भरलं ते ताईने... आणि तिला कुणी विचारलंसुद्धा नाही.